ठेवीदारांच्या फसवणुकीचा तपास रखडला असेल तर: दंडाधिकाऱ्यांकडे जावे की उच्च न्यायालयात?

एखादी पतसंस्था किंवा गुंतवणूक कंपनी बुडते, पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदवला जातो, दोन तपास अधिकारी येऊन बदलून जातात आणि वर्षभराने चौकशी केली तरी 'तपास चालू आहे' एवढेच उत्तर मिळते. अशा वेळी ठेवीदारांच्या बैठकीत वर्गणी काढून उच्च न्यायालयात जाण्याचा आणि सीबीआय तपास मागण्याचा ठराव हमखास होतो. त्यामागचा संताप मला पूर्णपणे रास्त वाटतो. परंतु आपल्याला तपास यंत्रणाच बदलून हवी आहे की आहे त्या यंत्रणेने काम करायला हवे आहे, हे ठरवल्याशिवाय वकीलपत्रावर सही करू नये.

दुसरी गोष्ट हवी असेल तर पहिला दरवाजा दंडाधिकाऱ्यांचा आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७५(३) खाली, म्हणजे पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १५६(३) खाली, त्यांच्याकडे अर्ज करता येतो. १ जुलै २०२४ पूर्वी सुरू झालेल्या प्रलंबित तपासांना जुनीच संहिता लागू राहते. हे कलम केवळ गुन्हा नोंदवून घेण्यापुरते आहे, असा समज आजही आढळतो. सर्वोच्च न्यायालयाने २००८ साली साकिरी वासू प्रकरणात स्पष्ट केले की, गुन्हा नोंदवूनही तपास नीट होत नसेल, तर दंडाधिकारी योग्य तपासाचे आदेश देऊ शकतात आणि त्यावर देखरेखही ठेवू शकतात. तपास अधिकारी बदलावा, अशी शिफारस ते पोलीस अधीक्षकांना करू शकतात, हेही त्या न्यायालयाने नंतरच्या निकालात सांगितले आहे. दोषारोपपत्र दाखल झाल्यावरही, आरोप निश्चित होईपर्यंत, पुढील तपासाचा आदेश त्यांना देता येतो, असा २०१९ चा निर्णय आहे. न्यायालय तालुक्याच्या गावी असते, खर्च तुलनेने कमी येतो आणि प्रत्येक तारखेला तपास अधिकाऱ्याकडून अहवाल मागवण्याची विनंती करता येते.

या मार्गाची मर्यादाही ठाम आहे. दंडाधिकारी तपास सीबीआयकडे देऊ शकत नाहीत, हे २००१ पासून निश्चित आहे, आणि आधीचा तपास पुसून नव्याने तपास करण्याचा आदेशही केवळ वरिष्ठ न्यायालयेच देतात. ज्या प्रकरणात स्थानिक पोलीस अधिकाऱ्यावरच संशय आहे किंवा पैसा तीन-चार राज्यांत फिरला आहे, तिथे दंडाधिकाऱ्यांकडे वर्ष घालवण्यात अर्थ नाही.

तिथे संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका हाच मार्ग. राज्याची संमती नसतानाही उच्च न्यायालय सीबीआय तपासाचा आदेश देऊ शकते, हे सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २०१० मध्ये मान्य केले. मात्र हा अधिकार क्वचित, सावधपणे आणि अपवादात्मक परिस्थितीतच वापरावा, असेही त्याच निकालात बजावले. नुसत्या दिरंगाईवर असा आदेश सहसा मिळत नाही, आणि 'आधी दंडाधिकाऱ्यांकडे का गेला नाहीत?' हा प्रश्न खंडपीठाकडून येण्याची तयारी ठेवावीच लागते. २०१४ साली शारदा चिट फंडाचा तपास सर्वोच्च न्यायालयाने सीबीआयकडे सोपवला, तेव्हा राज्य पोलिसांनी केलेल्या कामाची दखल घेतली होती. तरीही घोटाळ्याची आंतरराज्य व्याप्ती, प्रभावशाली व्यक्तींचा संशयित सहभाग आणि फसवल्या गेलेल्या लोकांना तपासाबद्दल विश्वास वाटण्याची गरज ही कारणे निर्णायक ठरली. याचिकेत अशी कारणे कागदोपत्री दाखवावी लागतात. माझ्या मते सीबीआयचा एकच आग्रह न धरता आर्थिक गुन्हे शाखा, राज्य गुन्हे अन्वेषण विभाग किंवा विशेष तपास पथक यांची पर्यायी मागणी त्याच याचिकेत करणे शहाणपणाचे आहे.

यंत्रणा बदलण्याची एक किंमत बैठकीत कोणी बोलून दाखवत नाही. नवा अधिकारी पहिल्या जबाबापासून फाइल वाचायला घेतो. दरम्यान आरोपी कोठडीत असेल, तर साठ किंवा नव्वद दिवसांत दोषारोपपत्र न आल्यास त्याला जामिनाचा हक्क मिळतो, आणि तपास हस्तांतरित झाला म्हणून ही मुदत नव्याने मोजली जात नाही.

दोन्ही मार्गांना लागणारी फाइल मात्र एकच आहे आणि ती आजच उघडता येते. मूळ ठेव पावत्या, बँकेचे खातेउतारे, पोलीस ठाण्यात आणि अधीक्षक कार्यालयात दिलेल्या प्रत्येक अर्जाची आवक शिक्का व तारीख असलेली प्रत, हे सारे तारखेनुसार लावावे. तपासाची प्रगती नव्वद दिवसांत फिर्यादीला कळवणे नव्या संहितेनुसार पोलिसांवर बंधनकारक आहे. ती कळवली नसेल, तर लेखी मागावी आणि त्या पत्राची पोहोचही याच फाइलमध्ये ठेवावी.

ज्यांना मुख्यतः पैसे परत हवे आहेत, त्यांनी ठेवीदारांच्या हितसंबंधांचे संरक्षण करणाऱ्या महाराष्ट्राच्या १९९९ च्या अधिनियमातील कलमे गुन्ह्यात लावली आहेत का, हे आधी पाहावे. मालमत्तेची जप्ती आणि वाटप त्या कायद्याखालील सक्षम प्राधिकारी व विशेष न्यायालय यांच्यामार्फत होते. ती कलमे लागलेली नसतील, तर दंडाधिकाऱ्यांकडे जा वा उच्च न्यायालयात, अर्जात त्यांची मागणी आवर्जून लिहावी.