सरकारी मेडिकल की संस्थेचं? अर्ज एकच, अडचणी वेगळ्या

नवं मेडिकल कॉलेज काढायचं तर आधी परवानगी घ्या, असं सांगणाऱ्या राष्ट्रीय वैद्यक आयोग कायदा, 2019 च्या कलम 28 मधून सुटका कुणालाच नाही. सरकारलाही नाही आणि ट्रस्टलाही नाही. एमबीबीएसच्या 100 जागांना 2023 च्या निकषांनुसार 420 खाटा लागतात, 150 जागांना 605. खरा फरक इथेच पडतो.

साताऱ्याचं सरकारी कॉलेज 2021 मध्ये सुरू झालं ते चालू सिव्हिलच्या आधारावर. पेशंट होतेच. मिरजेला तर 1962 पासूनचं कॉलेज, सोबत सांगलीचं सिव्हिलही जोडलेलं. सरकारला घाम फुटतो तो प्राध्यापक मिळवताना. एका कॉलेजची पदं भरायला दुसऱ्याची माणसं हलवायची, हा खेळ आपण पाहतोच.

संस्थेला मात्र आधी हॉस्पिटल उभं करावं लागतं आणि चालवूनही दाखवावं लागतं. खाटा विकत मिळतात, पेशंट नाही! शिवाय कॉलेजची गरज आहे असं सांगणारं राज्याचं आवश्यकता प्रमाणपत्र, नाशिकच्या आरोग्य विद्यापीठाची संलग्नतेची संमती. फायदा एकच: ट्रस्टींनी ठरवलं की खरेदी लगेच, मंत्रालयात फाइल अडकत नाही.

अर्जावर सहा महिन्यांत निर्णय अपेक्षित. नकार आला तर आयोगाकडे अपील, तेही पंधरा दिवसांत. सांगलीत संस्थेचं कॉलेज काढायचं असेल, तर मी आधी ओपीडीची गर्दी मोजेन, इमारतीचा नकाशा नंतर.