सुकी वाकटी: सोलापुरात घ्यायची तर सुटी घ्या, पाकिटातली नको

सोलापुरात ताजी मासळी म्हटली की उजनीची चिलापी नाहीतर कटला. वाकटी इथे खाण्यासारखी मिळते ती सुक्या मासळीच्या दुकानात. चंदेरी पट्टीसारखा लांबट समुद्री मासा, अंगावर खवलं नाहीत, शेपटीला पर नाही, नुसतं दोऱ्याएवढं निमुळतं टोक. लोक बोंबील आणि सुकट घेऊन पुढे जातात, वाकटीचा ढीग तसाच राहतो. ज्वारीच्या भाकरीबरोबर मात्र वाकटीचं कालवण बोंबलापेक्षा सरस लागतं, हे ठामपणे सांगतो.

ढिगात दोन-तीन जाती मिसळलेल्या असतात. रुंद, जाड ती शास्त्रीय नावाने ट्रायकियुरस. तिचा मोठा माल गोठवून चीनला जातो. बारीक, अरुंद असते ती बहुतेक युप्लूरोग्रामस, जिचं नावही फारसं कुणाला ठाऊक नाही. ओळख अंगावरच्या रेषेवरून पटते: ट्रायकियुरसची रेषा कल्ल्यापासून तिरकी खाली उतरून पोटाच्या कडेने जाते, युप्लूरोग्रामसची जवळजवळ सरळ धावते. सुकवलेल्या माशावरही ती नीट पाहिली तर दिसते. आपण बारीकच घ्यावी. ती काट्यापर्यंत वाळते. जाड वाकटी वरून कडक दिसली तरी मणक्याजवळ ओलसर राहते आणि तिथलं तेल पिवळं पडून खवट होतं.

पारख सोपी आहे. मधून मोडून बघा. कट्‌कन तुटली तर घ्या, चामड्यासारखी वाकली तर ठेवून द्या. मग पोटाकडची बाजू पाहा, कारण खराबी तिथूनच सुरू होते: पोट फाटलेलं, तपकिरी झालेलं नको. गुलाबी-लालसर डाग दिसले तर तो मिठात वाढणाऱ्या जिवाणूंचा प्रताप. असा माल कितीही स्वस्त मिळाला तरी घेऊ नका.

प्लास्टिकच्या पाकिटांना आमची पसंती नाही. त्यातली वाकटी बहुधा खारवलेली असते, म्हणजे माशाच्या भावात मीठही तोलून घेतलं जातं. शिवाय अर्धवट वाळलेला माल बंद केला की सोलापूरच्या चाळीस अंशांच्या उन्हात पाकीट आतून घामेजतं. आतल्या बाजूला पाण्याचे थेंब दिसले तर विषय संपला. रक्तदाबवाल्यांनी तर बिनमिठाचीच मागावी.

आता रांधणं. चार माणसांना १०० ग्रॅम पुरते. डोकं, शेपटीचा दोरा आणि पाठीवरची काटेरी कड कात्रीने काढा. दात अणकुचीदार असतात, बोटं सांभाळा. दोन-दोन इंचांचे तुकडे करून मंद तव्यावर दोन-तीन मिनिटं कोरडे भाजा. भाजणं टाळलं तर कालवणाला उग्र वास राहतो. मग कोमट पाण्यात पाच मिनिटं भिजवून दोन-तीन पाण्यांनी धुवा, वाळू निघते. खारवलेली असेल तर वीस मिनिटं भिजवा, मध्ये पाणी बदला.

दोन कांदे आणि आठ-दहा लसूण पाकळ्या तेलात परता, हळद आणि दोन चमचे काळा मसाला घाला, वांगी किंवा बटाटा टाकून शिजवा. चिंचेचा कोळ भाजी शिजल्यावरच. आधी घातला तर बटाटा कडकच राहतो. शेवटी वाकटी टाकून आठ-दहा मिनिटं उकळा आणि पळी फिरवू नका, भांडं हलवा. ढवळलं की मांस सुटतं आणि बारीक काटे रश्शात पसरतात. लहान मुलांना वाढताना तुकडा सोलूनच द्या. मीठ चव बघून, सगळ्यात शेवटी.

खरेदी मे महिन्यात, पावसाच्या आधी उरकावी. पश्चिम किनाऱ्यावर जून-जुलैत मासेमारी बंद असते, आणि पावसाळी हवेत दुकानातला मालही मऊ पडतो. घरी आणल्यावर एक कडक ऊन द्या, पूर्ण गार झाल्यावरच घट्ट झाकणाच्या डब्यात भरा. गरम भरली तर डब्यात वाफ धरते आणि बुरशी येते. भुंगेरे लागू नयेत म्हणून जागा असेल तर डबा सरळ फ्रीझरमध्ये ठेवा.