बुकिंग खरं होतं

आधीच सांगून टाकते, इटलीच्या सहलीत एजंटने आम्हाला फसवलं खरं, पण आम्ही डोळे मिटून पैसे दिले नव्हते. आमच्या ह्यांनी बँकेत ३१ वर्षं लोकांचे कागद तपासले आहेत. मी स्वतः इटलीतल्या सहल कंपनीला मेल करून विचारलं होतं, आमच्या चार जागा आहेत ना? 'आहेत, पक्क्या आहेत,' असं उत्तर आलं. ते उत्तर खरं होतं. बुकिंगही खरं होतं. फसलो ते त्यामुळेच.

लग्नाला ३० वर्षं झाली म्हणून आम्ही दोघं, माझी धाकटी नणंद आणि तिचे यजमान, म्हणजे आमचे जावईबापू, असं चौघांनी इटलीला जायचं ठरवलं. इथे नागपुरात अंबाझरी तलावावर सकाळी फिरायला येणाऱ्या एका ताईंनी हा एजंट मुलगा सुचवला. धरमपेठेत ऑफिस, भिंतीवर जगाचा नकाशा, गेल्याबरोबर आधी पाणी, मग कॉफी. 'काकू, तुम्ही फक्त बॅगा भरा.' बोलणं इतकं गोड की बाहेर पडताना नणंद म्हणाली, ह्याचं लग्न झालंय का विचारायला हवं होतं.

विमान, हॉटेलं, व्हिसाचे कागद, रोम, फ्लॉरेन्स, व्हेनिस, सगळं मिळून दोघांचे ४ लाख ७० हजार. ते चेकने दिले, पावती घेतली. त्यात कुठे कमी पडलं नाही, हे सांगायलाच हवं. विमान होतं, हॉटेलं होती, नाश्ताही होता. त्याने हात मारला तो वरच्या, 'ऐच्छिक' सहलींत. मोठ्या रकमेवरून माणूस भांडतो. छोटीसाठी, तीही परदेशात, सुटीवर असताना, कोण भांडणार?

ती सहल म्हणजे चिंक्वे तेर्रे. इटलीच्या वायव्य किनाऱ्यावर लिगुरिया प्रांतात डोंगर सरळ समुद्रात उतरतो, आणि त्या उतारावर पाच गावं चिकटून बसली आहेत: मॉन्तेरोस्सो, वेर्नात्सा, कोर्निल्या, मानारोला, रिओमाज्जोरे. १९९७ साली युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत गेलेला हा भाग. फ्लॉरेन्सहून एका दिवसात जाऊन येता येतं. इंग्रजी बोलणारा गाइड, समुद्राकाठच्या डोंगरवाटेवर चालणं, तिथली वाइन चाखणं, दुपारचं जेवण. माणशी १५,५००, चौघांचे ६२ हजार. हे पैसे मात्र 'फर्मच्या खात्याची लिमिट संपून राहिली काकू' म्हणून भलत्याच नावाच्या यूपीआयवर मागितले. भाऊ आहे माझा, म्हणाला. ह्यांनी भुवई वर केली. मीच म्हटलं, जाऊ द्या हो, ओळखीतला आहे.

बुकिंगचा कागद पोळ्याच्या आठवड्यात व्हॉट्सअ‍ॅपवर आला. कंपनीचं नाव, नंबर, चार प्रवासी, १२ सप्टेंबर, सव्वासात, सांता मारिया नोव्हेला स्टेशनाजवळ. मी तो नंबर टाकून थेट इटलीला मेल केला. दुसऱ्या दिवशी होकार आला, तेव्हा मी आमच्या सकाळच्या फिरायच्या गटात जरा मिरवलंसुद्धा. पडताळणी कशी करायची ते ह्या बायकांना शिकवलं! त्या मेलच्या तळाशी एक ओळ होती: सहलीच्या २४ तास आधीपर्यंत रद्द केल्यास पूर्ण पैसे परत. मला ती आपल्या सोयीची वाटली.

खरं तर त्याच्या कार्यक्रमपत्रिकेतच दोन गोष्टी खटकायला हव्या होत्या. 'पाचही गावं समुद्राकाठच्या वाटेने पायी' असं लिहिलं होतं. ही वाट साधारण १२ किलोमीटरची. पण मानारोला ते कोर्निल्या हा तुकडा दरडींमुळे कित्येक वर्षं बंद आहे. दुसरं म्हणजे 'लव्हर्स लेनवर मुक्त भटकंती'. रिओमाज्जोरे ते मानारोला ही ती प्रेमाची वाट. २०१२ मध्ये तिथे दरड कोसळून पर्यटक जखमी झाले, वाट बंद पडली ती २०२४ मध्ये उघडली, आणि आता तिथे ठरलेल्या वेळेचं वेगळं तिकीट आधी काढावं लागतं. मुक्त वगैरे काही नाही. म्हणजे त्याने कुठलातरी जुना मजकूर उचलून चिकटवला होता. हे मला परत आल्यावर कळलं. जायच्या आधी अर्धा तास वाचलं असतं तर तेव्हाच कळलं असतं.

अनंत चतुर्दशीला विसर्जन केलं आणि ८ तारखेला निघालो. शेजारच्या आजी म्हणाल्या, पितृपक्षात कुठे निघता गं बाई? आता त्या रोज आठवण करून देतात.

१२ ला सकाळी सातलाच स्टेशनाजवळ हजर झालो. वीसेक जण जमले होते, एक तरुण मुलगी यादी घेऊन नावं पुकारत होती. आमची नावं आलीच नाहीत. मी कागद दाखवला. तिने नंबर फोनमध्ये टाकला, कपाळाला आठ्या घातल्या, मग स्क्रीन माझ्याकडे वळवली. रद्द. तारीख ९ सप्टेंबर. आम्ही रोममध्ये उतरून झोपलो होतो त्या दिवशी.

पोरगी भली होती. बस सुटायला दहा मिनिटं असतानाही तिने समजावून सांगितलं. बुकिंग ज्याच्या मेलवरून झालं त्यानेच ते रद्द केलं, मुदतीत केलं, म्हणून सगळे पैसे त्याच कार्डावर परत गेले. आमचा मेल पत्ता, आमचा फोन त्यात कुठेच नव्हता. फक्त नावं आमची. त्यामुळे रद्द झाल्याचा निरोप आम्हाला येण्याचा प्रश्नच नव्हता. बसमध्ये जागाही उरली नव्हती. आमच्या चार जागा कधीच दुसऱ्यांनी घेतल्या होत्या.

ही युक्ती नीट समजून घ्या, कारण ह्यात खोटा कागद कुठेच नाही. एजंट स्वतःच्या कार्डाने खरं बुकिंग करतो. तुम्ही कितीही तपासा, ते खरंच निघतं. तुमचं विमान सुटलं की तो ते रद्द करतो. त्याचे पैसे त्याला परत, तुमचे तर आधीच त्याच्याकडे. मी तपासलं ते पोळ्याला. तपासायला हवं होतं आदल्या संध्याकाळी, रद्द करायची मुदत संपल्यावर. त्याहून बरं म्हणजे अशी तिकिटं आपल्याच मेलवर, आपल्याच कार्डाने काढायची. कोणाला करता येत नसेल तर मुलाला, भाचीला बसवावं शेजारी. पंधरा मिनिटांचं काम आहे. एजंटकडूनच करायचं असेल तर बुकिंगमध्ये मेल आणि फोन आपला घालायला लावायचा. नाही म्हणाला तर उठून यायचं, कॉफी अर्धी राहिली तरी चालेल.

तिकडे सव्वासात म्हणजे नागपुरात पावणेअकरा. फोन उचलला नाही. व्हॉट्सअ‍ॅपला एकच टिक. दुपारी उत्तर आलं, 'काकू सिस्टीम एरर दाखवून राहिलं, बघतो.' जावईबापू एवढंच म्हणाले, 'पोट्टं लय चालू निघालं बाप्पा.'

ह्यांनी ठरवलं, जायचंच. पिसाला गाडी बदलून ला स्पेत्सियाला गेलो, अडीच तास. तिथे पायवाट आणि लोकलचं एकत्र कार्ड मिळतं, ते घेतलं. मॉन्तेरोस्सोला उतरून वेर्नात्सापर्यंत चालायचं ठरलं. अंतर साडेतीन किलोमीटरच्या आसपास. अंबाझरीच्या हिशेबाने मला ते काहीच वाटलं नाही. पण इथे सुरुवातच पायऱ्यांनी होते, संपतच नाहीत, आणि दोन माणसं समोरासमोर आली तर एकाने भिंतीला चिकटावं लागतं. जावईबापूंच्या पायात साधी चप्पल. चपला घालून त्या वाटांवर गेलं तर ५० युरोपासून थेट २,५०० युरोपर्यंत दंड आहे. हे गाइडने आदल्या दिवशीच सांगितलं असतं. ते बिचारे मॉन्तेरोस्सोच्या किनाऱ्यावर आइस्क्रीम खात बसले आणि मग लोकलने वेर्नात्साला आले. त्यांना चार मिनिटं लागली, आम्हाला सव्वादोन तास.

वाट सुंदर आहे, ते त्या पोराचं काही देणं नाही. खाली निळं पाणी, वर दगडी बांधांच्या पायऱ्या, चुना-माती न वापरता नुसते दगडावर दगड रचलेले, आणि त्या पायऱ्यांवर द्राक्षाचे वेल. आमच्या काटोलच्या सपाट संत्राबागा पाहिलेल्या माणसाला प्रश्न पडतो, इथे तोडणी करतात कशी? एकाच रुळावर चालणारी छोटी गाडी डोंगरावर चढताना दिसली. त्यात द्राक्षाच्या पेट्या ठेवून वरखाली नेतात.

वाइनही चाखली, स्वतःच्या पैशाने, वेर्नात्साच्या एका छोट्या दुकानात. शाक्केत्रा म्हणतात तिला. बॉस्को, अल्बारोला, वर्मेंतीनो ह्या द्राक्षांची. तोडल्यावर द्राक्षं सावलीत सुकवतात, आपल्या तासगावच्या बेदाण्यासारखी, मग गाळतात. म्हणून ती मधाच्या रंगाची आणि गोड लागते, आणि म्हणून इतकी महाग, कारण सुकलेल्या द्राक्षातून रस निघणार किती. एवढीशी पेली, सोबत बिस्किट. नणंदेने आयुष्यात कधी थेंब घेतला नव्हता. एक घोट घेतला आणि म्हणाली, काकवी आहे की गं! दुकानदार बाई हसल्या, कशाला ते त्यांना कळलं नसेल.

वेर्नात्साच्या वरच्या वळणावर ह्यांनी बॅग खाली ठेवली आणि समुद्राकडे बघत उभे राहिले, तो फोटो मी काढला आणि रागाने त्या मुलाला पाठवला. 'तुमच्याशिवाय आलो' असं लिहिलं. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.

परत आल्यावर महिनाभर 'आज टाकतो, उद्या टाकतो' चाललं. ऑफिसला गेलो की कॉफी मात्र यायची. नॅशनल कन्झ्युमर हेल्पलाइनवर १९१५ ला तक्रार नोंदवली, त्यांनी ती त्याला पाठवली, त्याने उत्तर दिलं नाही. पोलीस ठाण्यात म्हणाले, तुम्ही त्याला ओळखता, ऑफिस आहे, हे दिवाणी प्रकरण आहे. अर्ज तेवढा घेतला, पोच दिली.

मग आणखी एक निघालं. परदेशी सहलीच्या पॅकेजवर टीसीएस, म्हणजे सरकारसाठी आगाऊ प्राप्तिकर, घेतात, आमच्या वेळी १० लाखांपर्यंत ५% होता. आमच्या दोघांच्या नावावर २३,५०० त्याने रोख घेतले होते, 'ते रिटर्नमध्ये परत येतंच काकू' म्हणत. खरंच येतं, पण आधी त्याने ते सरकारकडे भरायला तर हवं! डिसेंबरात ह्यांनी २६एएस, म्हणजे आपल्या पॅनवर सरकारकडे जमा झालेल्या कराचा उतारा, काढून पाहिला. जुलै ते सप्टेंबरच्या तिमाहीत आमच्या पॅनवर छदामही नाही. नणंदेकडेही तेच. इतर सहल कंपन्यांकडून गेलेल्यांनीही हे एकदा बघून घ्यावं. पॅन नंबर आणि पासवर्ड एवढंच लागतं, आणि आकडा नसेल तर पावती मागायला अजून वेळ असतो. आमच्याकडे पावतीच नव्हती, रोख होतं ना.

इटलीच्या कंपनीला पुन्हा मेल केला. रद्द करणाऱ्याचं नाव त्यांनी दिलं नाही, पण बुकिंग कोणत्या तारखेला, किती वाजता रद्द झालं आणि पूर्ण रक्कम बुकिंग करणाऱ्याला परत केली, एवढं लेखी दिलं. वकील म्हणाल्या, सगळ्यात वजनदार कागद हाच. जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार टाकली आहे. ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही, आणि घटनेपासून २ वर्षांच्या आत टाकावी लागते. नोटीस गेल्यावर त्याने ह्यांना फोन करून २० हजार देऊ केले, 'विषय संपवू काका'. ह्यांनी बँकेतल्या आवाजात सांगितलं, लेखी पाठव.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात मारबतीची मिरवणूक निघते, त्यात वाईट गोष्टींचे पुतळे, म्हणजे बडगे, काढतात. गटातल्या एका ताई म्हणतात, येत्या मारबतीला त्याचा बडग्या काढू आणि ओरडू, घेऊन जा गे मारबत! मी म्हटलं, कापड आणि बांबूचा खर्च त्याच्याकडून घेऊ.

आणि तो फोटो. जानेवारीत एका मैत्रिणीने त्याच्या नव्या जाहिरातीचा स्क्रीनशॉट पाठवला. 'इटली २०२६, आमचे आनंदी प्रवासी'. खाली वेर्नात्सा, निळा समुद्र, आणि पाठमोरे आमचे हे, पायाशी नागपुरात सदरला घेतलेली तपकिरी बॅग. तक्रारीच्या फायलीत तो आता सातव्या क्रमांकावर जोडलेला आहे.