पाण्याचा सहा रविवारचा वर्ग केला, कसा होता ते सांगते

फी ३००० रुपये, सहा रविवार, सकाळी ८ ते १, कोल्हापुरात राजारामपुरीत एका जुन्या घराचा वरचा मजला. पर्यावरणाचा अभ्यास कसा करायचा आणि तो चार लोकांना कळेल असा कसा सांगायचा, एवढंच शिकवतात. चालवणारे सर आणि मॅडम दोघंही रिटायर झालेले, जाहिरात करत नाहीत आणि नाव कुठं लिहू नका म्हणालेत म्हणून लिहीत नाही, कुणाला जायचं असेल तर मला मेसेज करा, त्यांना विचारून नंबर देते.

मी का गेले ते आधी सांगते. मागच्या मे महिन्यात आमच्या गावच्या तळ्यात एका सकाळी मासे मरून वर आले. मी बी.एस्सी. केमिस्ट्री, आठवी ते दहावीच्या ट्युशन घेते, त्यामुळं सगळे मलाच विचारायला लागले आणि मी फोटो काढून गावच्या ग्रुपवर टाकून दिलं की वरच्या शेतातलं औषध तळ्यात उतरलंय. पाणी तपासलंच नव्हतं. वरचं शेत ज्यांचं ते काका दुसऱ्या दिवशी घरी आले आणि अगदी शांतपणे म्हणाले, "बाळ, मी तर औंदा फवारणीच केली नाही, तू कशावरनं लिहिलंस?" माझ्याकडं उत्तर नव्हतं. माफी मागितली, पण मेसेज तोवर आजूबाजूच्या तीन गावांत फिरला होता, तो काही परत येत नाही. ते मनाला फार लागलं.

तर वर्ग. पहिला रविवार नुसता प्रश्न कसा विचारायचा यावर गेला. सरांनी फळ्यावर लिहिलं, पंचगंगेचं पाणी चांगलं आहे का? आम्ही चौदाजण पटापट काय काय मोजायचं ते सांगत सुटलो, सर ऐकून घेत होते आणि शेवटी एकच म्हणाले, "चांगलं, पण कशासाठी?" मग केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाचे ए ते ई असे पाण्याचे पाच वर्ग समजावले. नुसतं निर्जंतुक करून प्यायला पाणी हवं तर लिटरला ६ मिलिग्रॅम तरी विरघळलेला ऑक्सिजन पाहिजे, अंघोळीला ५, माशांना आणि वन्यजीवांना ४, आणि शेतीच्या वर्गात ऑक्सिजनची अटच नाही, तिथं क्षार बघतात. म्हणजे तेच पाणी उसाला चालेल आणि अंघोळीला चालणार नाही. मी केमिस्ट्री शिकलेली, तरी हे इतकं सरळ कुणी सांगितलं नव्हतं.

दुसरा रविवार माझ्या मते सगळ्यात भारी. पहाटे साडेपाचला रंकाळ्यावर बोलावलं, फिरायला येणारे लोक नुकते यायला लागलेले, आम्ही पाण्यातला ऑक्सिजन मोजला आणि घरी पाठवलं. परत दुपारी ३ ला त्याच जागी, त्याच खोलीवर. दुपारचा आकडा बराच वर गेलेला. एकाच तळ्याचं, एकाच दिवशीचं पाणी! कारण काय तर पाण्यातलं शेवाळ दिवसा उन्हात ऑक्सिजन सोडतं आणि रात्री सगळेच, शेवाळसुद्धा, नुसता वापरत राहतात, म्हणून उजाडायच्या आधी तो सगळ्यात कमी असतो. मॅडमनी विचारलं, आता सांगा, कुणाला तळं छान आहे असं दाखवायचं असेल तर तो कधी मोजेल? सगळे गप्प. तेव्हापासून मी कुठलाही आकडा वाचला की आधी बघते की किती वाजता, कुठनं आणि किती वेळा घेतलाय.

त्याच दिवशी मी सरांना आमच्या तळ्याचं सांगितलं. ते म्हणाले पाणी जेवढं गरम तेवढा त्यात ऑक्सिजन कमी मावतो, २० अंशाला लिटरमागं साधारण ९ मिलिग्रॅम, ३० अंशाला साडेसातच, त्यात मे महिना, पाणी आटलेलं, शेवाळ दाट, म्हणजे औषधाचा थेंब नसतानाही पहाटे मासे गुदमरू शकतात. मी लगेच म्हटलं, म्हणजे तसंच झालं असणार. सरांनी मान हलवली, म्हणाले, "असं होऊ शकतं एवढंच म्हणा. त्या दिवशी मोजलं नाही ना, मग आता कुणालाच सांगता येणार नाही." आधी जी चूक केली तीच मी उलट्या बाजूनं परत करायला निघाले होते.

तिसऱ्या रविवारी पंचगंगा घाट. तिथं मीटर नाही, विंकलर पद्धत, म्हणजे रसायनं घालून ऑक्सिजन हातानं मोजायचा. ३०० मिलीची काचेची बाटली, बुच लावताना एक बुडबुडा आत राहिला की परत भरा. मँगनीज सल्फेट घातलं, मग अल्कली आयोडाइड अझाइड, तपकिरी साका धरला की समजायचं ऑक्सिजन आहे, पांढराच राहिला तर नाही. मग सल्फ्युरिक ॲसिड, आणि थायोसल्फेटनं टायट्रेशन, म्हणजे ते थेंब थेंब मोजून घालत राहायचं, स्टार्चचा निळा रंग जाईपर्यंत. २०० मिली नमुना आणि ०.०२५ नॉर्मल थायोसल्फेट घेतलं की जितके मिली लागले तितके लिटरमागं मिलिग्रॅम ऑक्सिजन, हिशोबच नको. कॉलेजात हे केलं होतं पण नळाच्या पाण्यावर, नदीवर करताना हात थरथरतो ओ, कारण ही नदी आपली आहे.

तिथं म्हशी धुवायला आलेले एक गवळी मामा बराच वेळ बघत उभे होते, म्हणाले, "पोरी, काय निघालं?" मी मिलिग्रॅम प्रति लिटर सांगितलं. ते म्हणाले, "ते ऱ्हाऊ दे, म्हशी पाण्यात सोडू का नको तेवढं सांग." मी मॅडमकडं बघितलं, त्या काही बोलल्या नाहीत. मग मी म्हटलं, मामा, आम्ही पाण्यात हवा किती आहे ते मोजलं, जंतू मोजले नाहीत, त्यामुळं म्हशींचं मला आज सांगता येत नाही. मामा म्हणाले, "मग जंतू मोजून ये की." आणि म्हशी घेऊन पाण्यात उतरले. परतताना मॅडम म्हणाल्या आजचं सगळ्यात चांगलं उत्तर हेच होतं, पण त्यांना उपयोगाचं उत्तर अजून द्यायचं राहिलंय. दोन्ही खरं आहे.

चौथा रविवार पेपर वाचायचा, हा मला कमी पडला. शोधगंगा या वेबसाइटवर पीएचडीचे प्रबंध कसे शोधायचे, आपल्या शिवाजी विद्यापीठातले पंचगंगेवरचे कसे काढायचे, सारांश वाचून थांबायचं नाही, नमुने किती आणि कधी घेतले तिथं आधी जायचं, हे सगळं चांगलं. आमच्यातल्या एका मुलानं चॅटबॉटकडनं पाच संदर्भ आणले होते, मॅडमनी सगळ्यांसमोर शोधायला लावले, दोन सापडलेच नाहीत. पण स्टॅटिस्टिक्स एका तासात उरकलं, कॉमर्सवाल्या दोघी पार गोंधळल्या. त्याला अख्खा रविवार द्यायला पाहिजे. आणि नोट्स सगळ्या इंग्लिशमध्ये, मराठीत सांगायला शिकवायचं आणि कागद इंग्लिश, हे मी तोंडावर सांगितलंय, बदलतो म्हणालेत. बीओडी, म्हणजे पाण्यातली घाण कुजवताना जंतू किती ऑक्सिजन खातात ते, पण नुसता फोटोत दाखवला, त्याला २० अंशाला पाच दिवस किंवा २७ अंशाला तीन दिवस बाटली अंधारात ठेवावी लागते आणि त्यांच्याकडं इन्क्युबेटर नाही. फीच्या मानानं ठीक आहे, पण जाणाऱ्यानं माहिती असावं.

पाचवा आणि सहावा मॅडमचा, सांगायचं कसं. त्यांनी सुरुवातच पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यापासनं केली, जिथं पुराची पातळी मोजतात. ३९ फूट इशारा, ४३ फूट धोका, हे कोल्हापुरात आजीपासून शाळेतल्या पोरापर्यंत सगळ्यांना पाठ आहे. का पाठ आहे? एकच जागा, एकच आकडा, आणि त्या आकड्याला काय करायचं ते माहिती, पाणी चढायला लागलं की सुतारवाड्यातली माणसं हलवायची वेळ आली हे लोकांना कळतं. २०१९ आणि २०२१ ला आपण सगळे रात्रभर तोच आकडा बघत बसलो होतो. आणि मग त्यांनी राधानगरी धरणाचा स्वयंचलित दरवाजा घेतला. एक दरवाजा उघडला की १४२८ क्युसेक पाणी सुटलं असं आपण पुढं पाठवतो, पण क्युसेक म्हणजे काय हे वर्गात तिघांनाच येत होतं. १ क्युसेक म्हणजे सेकंदाला साधारण २८ लिटर, म्हणजे एका दरवाजातनं सेकंदाला ४० हजार लिटर, दहा हजार लिटरचे चार टँकर, दर सेकंदाला. हे ऐकल्यावर वर्गात एकदम शांतता झाली.

माझी मिलिग्रॅमची अडचण पण तिथंच सुटली. लिटरला ८ मिलिग्रॅम म्हणजे हजार लिटरच्या टाकीत ८ ग्रॅम, दोन लहान चमचे साखरेच्या वजनाएवढा ऑक्सिजन, आणि तेवढ्यावर मासे जगतात. ट्युशनला पोरांना सांगितलं तर एकानं घरी जाऊन साखर मोजून बघितली.

खात्री नसेल ती कशी सांगायची यावर पण छान बोलल्या. आयपीसीसी, म्हणजे संयुक्त राष्ट्रांची हवामान बदलावरची समिती, तिच्या अहवालात लायकली म्हणजे ६६ टक्क्यांच्या वर आणि व्हेरी लायकली म्हणजे ९० च्या वर असं ठरवून वापरतात, आणि मराठी बातमीत दोन्हीला नुसतं "शक्यता" होऊन जातं. मग आम्ही बसून शब्द लावले, "बहुतेक" कधी, "जवळजवळ नक्की" कधी. दीड तास वाद झाला, चहा गार झाला, मला वाटतं सहा रविवारातला तो सगळ्यात चांगला वाद. शेवटच्या दिवशी दीडशे शब्दांत आपला निष्कर्ष लिहायचा होता, माझा मॅडमनी चार वेळा परत दिला, दर वेळी एकच खूण, "हे तू मोजलंस का?"

शिक्षक, पत्रकार, ग्रामपंचायतीत काम करणारे, नदीच्या संघटनेतली पोरं यांनी जरूर करावा. नुसतं सर्टिफिकेट पाहिजे असेल तर जाऊ नका, त्याला कुठं मान्यता नाही, ते स्वतःच पहिल्या दिवशी सांगतात. जिना अरुंद आहे, वयस्कर माणसांना त्रास होईल. पुढची बॅच पावसाळ्यानंतर.

शेतवाल्या काकांना मी माझा तो दीडशे शब्दांचा कागद नेऊन दाखवला, त्यांनी चष्मा लावून सगळा वाचला आणि ग्रुपवर टाक म्हणाले. टाकला. आणि येत्या रविवारी सहाला घाटावर जातेय, लॅबमधनं निर्जंतुक बाटल्या आणल्यात, बर्फाचा डबा शेजारच्या वहिनींकडनं घेतलाय, कारण जंतूंचा नमुना थंड ठेवून काही तासांत लॅबला पोचवावा लागतो. रिपोर्टला दोन-तीन दिवस लागतील, मामा रोज सकाळी येतात म्हणाले होते.