क्रिबची गादी: नऊ महिने वापरल्यावरचा अनुभव

बाळ यायच्या आधीच आम्ही क्रिबसाठी, म्हणजे बाळाच्या कठड्याच्या पलंगासाठी, मेमरी फोमची गादी आणून ठेवली होती, इतकी मऊ की आपल्यालाच आडवं व्हावंसं वाटेल. पहिल्याच आठवड्यात एकदा बाळाला उचललं तर डोक्याच्या जागी खळगा तसाच, हळूहळू भरून येत होता. पोटात गोळाच आला. तोंड त्या खळग्यात वळलं असतं तर एवढ्याशा जिवाला मान उचलून बाजूला होता येत नाही. गादी त्याच दिवशी काढली.

मग कडक फोमची घेतली. आई म्हणाली, "अगं फळीवर झोपवतेस का लेकराला!" पण बाळाला अशीच लागते, तळहाताने दाबून सोडली की लगेच वर यायला हवी. दोन-तीन रात्री कुरकुर झाली, मग निवांत. नऊ महिन्यांत मधे कुठेच दबलेली नाही, कडाही ताठ आहेत.

माप मात्र नीट घ्या हां. आमची पहिली कडक गादी लेबलवर बरोबर होती पण कोपऱ्यात माझी तीन बोटं जात होती, म्हणून बदलून घेतली. दोनपेक्षा जास्त बोटं जाता कामा नयेत, बाळ त्या फटीत अडकू शकतं, आणि फट भरायला टॉवेल अजिबात कोंबू नका.

सर्टिपूर, ग्रीनगार्ड गोल्ड असले शिक्के केमिकलबद्दल असतात, कडकपणाबद्दल नाही, हे मला उशिरा कळलं. अमेरिकन अ‍ॅकॅडमी ऑफ पेडिअ‍ॅट्रिक्सच्या (तिथल्या बालरोगतज्ज्ञांची संघटना) २०२२ च्या, बाळाच्या सुरक्षित झोपेबद्दलच्या सूचना वाचल्या तेव्हा उशी, बंपर (कठड्याला आतून बांधतात ती मऊ पट्टी), सॉफ्ट टॉय सगळं क्रिबमधून काढलं, बाळाला पाठीवरच झोपवतो.

तक्रार एकच, वॉटरप्रूफ कव्हर. चेनच्या बाजूने शू आत झिरपते, मग गादी उभी करून सुकवत बसा. सोबतची चादरही धुतल्यावर आटली, इलॅस्टिक कोपऱ्यातून सटकायला लागलं, ती लगेच टाकून घट्ट बसणारी दुसरी घेतली, सैल चादर तोंडावर येऊ शकते ना.

अजून एक, जाड गादीच्या मोहात पडू नका, जितकी जाड तितका कठडा बुटका होतो. बाळ बसायला लागलं तेव्हाच आम्ही क्रिबचा तळ खाली घेतला, काल कठडा धरून उभं राहिलं तर तो छातीच्याही वर येत होता.