अंबरातला विंचू आणि माझे 23,240 रुपये

आकडा आधीच सांगतो, म्हणजे लाज एकदाची संपेल. दगडाचे 18,500, ‘कस्टममधून सोडवायचे’ 3,240 आणि प्रमाणपत्राचे 1,500. एकूण 23,240 रुपये. गेले ते कुणा अडाण्याचे नव्हेत, 31 वर्षं शाळेत जीवशास्त्र शिकवलेल्या माणसाचे. घरात कोणी बोलत नाही, नुसतं बघतात.

जीवाश्म जमवणाऱ्यांच्या एका व्हॉट्सॲप ग्रुपवर तो विकणारा भेटला. पुढचं तुम्हाला ठाऊकच आहे: ‘सर, तुमच्यासारखे जाणकार कुठे मिळतात’, ‘दुसरं गिऱ्हाईक थांबलंय’, ‘आजच सांगा’. पण त्याची खरी हुशारी वेगळीच. आधी त्यानं अंबरातली, म्हणजे झाडाच्या जीवाश्म झालेल्या राळेतली, अख्खी पाल दाखवली, 60,000 ला. मी हसलो. म्हटलं, अहो, खरी असती तर ती संग्रहालयात गेली असती, व्हॉट्सॲपवर कशाला आली असती? तो लगेच म्हणाला, ‘तुम्हाला फसवणं शक्य नाही सर.’ झालं, तिथेच मी गेलो. पाल नाकारल्याच्या तोऱ्यात विंचू घेतला. युरोपातल्या बाल्टिक समुद्राच्या किनाऱ्यावरचा, 4 कोटी वर्षं जुना, म्हणे.

चार सेंटिमीटरचा विंचू. बरोबर मधोमध, आठही पाय पसरलेले, शेपटी डौलात वर. फोटो पाहिला त्याच क्षणी कळायला हवं होतं. कळलंही असावं, कारण तो फोटो मी तीनदा बंद करून पुन्हा उघडला. फळ्यावर चित्र काढून मुलांना मीच सांगायचो: झाडाच्या जखमेतून राळ ओघळते, मुंगी तिच्यात अडकते, सुटायला धडपडते, पाय तुटतात, पंख चुरगळतात, वरून दुसरा ओघ येतो. राळेत जंतू वाढत नाहीत, ओलावा टिकत नाही, म्हणून कुजणं थांबतं. मग ती गाळाखाली गाडली जाते, तिच्यातली उडून जाणारी द्रव्यं निघून जातात, रेणू एकमेकांत गुंफत जातात आणि लाखो वर्षांनी तिचा अंबर होतो. आत बऱ्याचदा उरते ती किड्याच्या आकाराची पोकळी आणि कातडीचा पापुद्रा. बाल्टिक अंबरातल्या कितीतरी किड्यांवर दुधाळ साय धरलेली असते, आजूबाजूला ओकच्या झाडाची चांदणीसारखी बारीक लव. मरणाऱ्याला पोझ द्यायला वेळ नसतो हो! आणि मोठा, ताकदवान जीव बहुधा सुटून जातो, अडकून राहतात ती चिलटं, मुंग्या, कोळी. सगळं पाठ. तरी पैसे पाठवले.

मूर्ख मी एकटाच नाही, हेही सांगून टाकतो. लंडनच्या नॅचरल हिस्ट्री म्युझियमनं 1922 मध्ये घेतलेल्या संग्रहात बाल्टिक अंबरातली एक माशी होती. विली हेनिगसारख्या दिग्गज कीटकशास्त्रज्ञानं 1966 मध्ये ती अस्सल धरली. 1993 मध्ये जीवाश्म कीटकांचे अभ्यासक अँड्र्यू रॉस ती सूक्ष्मदर्शकाखाली बघत असताना दिव्याच्या उष्णतेनं माशीभोवती चीर दिसू लागली. कोणीतरी अंबर कापून, कोरून, आत आजची माशी ठेवून पुन्हा चिकटवला होता. त्यांना 71 वर्षं लागली, मला 9 दिवस.

कुरिअर आल्यावर ग्लासभर पाण्यात मीठ विरघळेनासं होईपर्यंत ढवळलं. खरा अंबर त्यात तरंगतो. माझा विंचू तळाला जाऊन बसला. तापलेली सुई टेकवली. धुपासारखा वास यायला हवा, आला जळक्या कॅरीबॅगचा. (नुसतं तरंगलं म्हणून हुरळू नका. कोपल, म्हणजे कोवळी राळ, तीही तरंगते. तिच्यावर ॲसिटोनवाल्या नेलपॉलिश रिमूव्हरचा थेंब टाका, चिकट होते.) मिठाच्या पाण्याचा व्हिडिओ पैसे देण्याआधी मागा, आणि तोही त्याच तुकड्याचा.

चौकीत गेलो. ‘अंबर’ म्हटल्याबरोबर हवालदार ताठ झाला; व्हेलच्या उलटीलाही अंबर म्हणतात ना. ‘व्हेलची उलटी? काका, तुम्ही विकत घेतली? गुन्हा आहे तो.’ अर्धा तास मीच आरोपी! म्हटलं, अहो, ही झाडाची राळ, तृणमणी. तर म्हणे, मणी म्हणजे दागिना ना, मग सराफाचं बिल आणा. साहेब आले, त्यांनी दगड ट्यूबलाइटपुढे धरला. ‘आत विंचू आहे ना? मग फसवलं कुठे?’ तिथून सायबरवाल्यांकडे. रक्कम लहान म्हणून त्यांनी पुन्हा चौकीकडे. बँकेतली मुलगी म्हणाली, ‘पिन तुम्हीच टाकला ना आजोबा?’ हो बाई, मीच टाकला, माझ्याच बोटांनी. म्हणूनच तर याला फसवणूक म्हणतात, दरोडा नाही! तीन अर्ज, सहा झेरॉक्स आणि एक पोचपावती, तीही भांडून घेतलेली.

प्रमाणपत्रावर प्रयोगशाळेचं नाव होतं; पत्ता नव्हता, तुकड्याचं वजन नव्हतं. ते आधी बघा. कस्टमचे पैसे कोणाच्या खाजगी यूपीआयवर मागितले, की फोन ठेवून द्या.

मला ग्रुपमधून काढलंय. पुतण्या अजून त्यात आहे. काल त्यानं स्क्रीनशॉट पाठवला: मधोमध विंचू, आठही पाय पसरलेले, शेपटी डौलात वर. किंमत 22,000. खाली कोणीतरी विचारलंय, ‘सर, प्रमाणपत्र मिळेल का?’