फ्रँकांच्या ग्रीसची बखर: आधी कोणती वाचावी?

चौथ्या धर्मयुद्धाला निघालेले फ्रेंच सरदार आणि त्यांना गलबते पुरवणारे व्हेनिसकर जेरुसलेमला पोचलेच नाहीत. एप्रिल १२०४ मध्ये त्यांनी कॉन्स्टँटिनोपल जिंकले, तीन दिवस शहर लुटले आणि मग बायझँटाइन साम्राज्याचा मुलूख आपसांत वाटून घेतला. दक्षिणेकडच्या पेलोपोनीस द्वीपकल्पाला तेव्हा मोरिया म्हणत. तिथे या पश्चिमी सरदारांची, म्हणजे फ्रँकांची, सत्ता सव्वादोनशे वर्षे टिकली, शेवटी शेवटी आक्रसत का होईना.

या राजवटीवरचे मध्ययुगीन ग्रंथ बरेच आहेत आणि त्यांतले महत्त्वाचे इंग्रजी भाषांतरात मिळतात. मराठी वाचक बखरींवर वाढलेला, त्यामुळे या ग्रंथांची चव त्याला लगेच कळते. अडचण एवढीच, की सुरुवात चुकली तर माणूस पन्नास पानांत नावांच्या गर्दीत हरवतो. माझे मत आधीच सांगून टाकतो. एकच ग्रंथ वाचणार असाल तर ‘मोरियाची बखर’ घ्या आणि तीही ग्रीक पद्यातली. तिच्या सनावळीवर मात्र विसंबू नका. दोन वाचणार असाल तर आधी मार्शल विलार्दुएँ आणि मग ही बखर. असे का, ते पुढे येतेच.

मार्शल की गरीब सरदार

जोफ्रुआ द विलार्दुएँ हा फ्रान्समधल्या शॅम्पेन प्रांताचा मार्शल, म्हणजे बडा लष्करी अधिकारी. १२०१ मध्ये व्हेनिसशी करार करायला गेलेल्या सहा वकिलांपैकी तो एक. ३३,५०० माणसे आणि ४,५०० घोडे नेण्यासाठी ८५,००० मार्क द्यायचे, असा तो करार होता. प्रत्यक्षात व्हेनिसला माणसे जमली ती त्याच्या एक तृतीयांशाच्या आसपास. ३४,००० मार्क कमी पडले आणि त्या कर्जापायी आधी एड्रियाटिक किनाऱ्यावरचे झारा आणि मग कॉन्स्टँटिनोपल असा प्रवास सुरू झाला. विलार्दुएँ हे सगळे स्वच्छ, लष्करी शिस्तीत सांगतो. निर्णय कुठल्या बैठकीत झाला, कोण बाजूने होते, कोण फुटले, हे त्याच्याइतके नीट दुसरीकडे सापडत नाही. पण दोष तो सतत दुसऱ्या बंदरांतून परस्पर निघून गेलेल्यांच्या माथी मारतो. इतक्या माणसांचा आकडा करारात घातलाच कसा, हा प्रश्न तो स्वतःला एकदाही विचारत नाही. वाचताना ही गाळलेली जागा लक्षात ठेवावी लागते.

याच मोहिमेवर लिहिणारा दुसरा सरदार रोबेर द क्लारी उत्तर फ्रान्समधल्या पिकार्डीचा. छोटीशी जहागीर, बैठकांना बोलावणे नाही. त्याला राजकारणातले थोडेच कळत होते, पण भिंतीखाली उभे राहिल्यावर काय दिसते ते त्याला माहीत होते. १२ एप्रिल १२०४ चा प्रसंग पाहा. तटातला एक चोरदरवाजा विटांनी बुजवलेला आहे. दहा सरदार आणि साठ शिपाई कुऱ्हाडी, पहारी, तलवारी, जे हाताला लागेल त्याने तो फोडताहेत आणि वरून दगड आणि उकळती राळ पडते आहे. भोक पडल्यावर आत डोकावले तर जणू अर्धे जग पलीकडे उभे. रोबेरचा भाऊ अलोम धर्मोपदेशक. तो म्हणतो, मी आत जातो. रोबेर त्याचा पाय धरून मागे ओढतो, पण अलोम हिसडा देऊन सरपटत आत शिरतो आणि सुरा उपसून एकटा धावत सुटतो. समोरचे पळतात. हे वाचताना अंगावर काटा येतो, आणि भावाचा पाय धरल्याचे कुणी मुद्दाम रचून सांगेल असे मला तरी वाटत नाही.

लुटीनंतर बड्या सरदारांनी उत्तमोत्तम वाडे आधीच बळकावले आणि गरिबांना कळवलेही नाही, ही त्याची तक्रार पुढे येते. विलार्दुएँ त्याच लुटीबद्दल सांगतो, की जग निर्माण झाल्यापासून एका शहरात एवढी संपत्ती कुणाला मिळाली नव्हती. दोघांची पाने शेजारी ठेवली की फौजेच्या आतली दरी दिसते. मोहीम का वळली हे समजून घ्यायचे असेल तर मार्शल, ती कशी भोगली गेली हे हवे असेल तर क्लारी. पण दोघेही मोरियाच्या कथेच्या उंबरठ्यावरच थांबतात. विलार्दुएँ १२०७ मध्ये संपतो, आणि क्लारी १२१६ पर्यंत जात असला तरी शेवटची वर्षे भरभर उरकतो.

एकच घटना, दोन ग्रंथ

मार्शलचा पुतण्याही जोफ्रुआच. मार्शल सांगतो, की हा पुतण्या पॅलेस्टाइनहून परतताना वाऱ्याने भरकटून मेथोनीच्या बंदराला लागला. तिथल्या एका ग्रीक जमीनदाराने त्याला मदतीला घेतले, दोघांनी मिळून बराच मुलूख जिंकला. जमीनदार वारला, त्याचा मुलगा उलटला. तेव्हा जोफ्रुआ मूठभर माणसांनिशी शत्रूच्या मुलखातून घोडा दामटत नाफ्प्लियोच्या वेढ्यावर पोचला आणि आपल्या ओळखीच्या गियोम द शांप्लितला म्हणाला, मोरिया नावाचा संपन्न देश आहे, चल, जिंकून घेऊ. शंभरेक सरदार बरोबर निघाले.

मोरियाच्या बखरीत यातले काहीच नाही. तिथे शांप्लित थेट पेलोपोनीसच्या किनाऱ्यावर फौज उतरवतो, रीतसर, ठरवून. भरकटलेले जहाज नाही, ग्रीक दोस्त नाही. काका आणि पुतण्या यांचीही तिथे सरमिसळ होऊन एकच माणूस झाला आहे. पुढे कुंदुरोसच्या ऑलिव्हच्या राईतली लढाई येते. मार्शलच्या मते पाचशे घोडेस्वार पाच हजारांवर चालून गेले, बखरीच्या मते सातशे विरुद्ध चार हजार. दोन्ही आकडे विजेत्यांनीच सांगितलेले आहेत.

इथे मार्शलवर विश्वास ठेवावा. त्याने लिहिले ते घटनेनंतर काही वर्षांतच, आणि पुतण्याची हकीकत त्याच्या घरातलीच. बखर आजच्या रूपात आली ती चौदाव्या शतकात, तीन-चार पिढ्यांनंतर. मग तिला पहिला मान कशासाठी? कारण जिंकल्यानंतर काय झाले, हे तीच सांगते. जमिनी कशा वाटल्या, कुणाला किती जहागिऱ्या मिळाल्या, ग्रीक जमीनदारांना कोणती वचने दिली, वारसाचे भांडण कुठल्या कायद्याने तोडले, सगळे तिच्यात आहे.

अकोवाचा खटला त्यासाठीच वाचावा. १२५९ मध्ये पेलागोनियाच्या लढाईत मोरियाचा प्रिन्स गियोम (मार्शलच्या पुतण्याचा मुलगा) बायझँटाइनांच्या कैदेत पडला. सुटकेसाठी त्याने किल्ले दिले आणि ओलीस म्हणून मार्गरीत नावाच्या सरदारकन्येला कॉन्स्टँटिनोपलला पाठवले. ती तिथे असताना तिच्या वाट्याला अकोवाची मोठी जहागीर आली. ती परत आली तेव्हा हक्क सांगण्याची मुदत टळून गेली होती आणि जहागीर प्रिन्सने खालसा केली होती. म्हणजे ज्याच्यासाठी ती ओलीस राहिली, त्यानेच तिचा वारसा घेतला. तिने सेंट-ओमेर घराण्यातल्या सरदाराशी लग्न केले आणि दिराने भर सभेत तिची बाजू मांडली. तेव्हा प्रिन्सने आपला दंड चॅन्सेलरच्या हाती दिला, त्याला न्यायासनावर बसवले आणि स्वतः वकील होऊन उभा राहिला. निकाल प्रिन्सच्या बाजूने लागला. त्यानंतर त्याने एक तृतीयांश जहागीर तिला कृपा म्हणून दिली, हक्क म्हणून नव्हे.

आता त्याच बखरीत काही पाने मागे जा. शांप्लितचा वारस रोबेर फ्रान्सहून मोरियावर हक्क सांगायला निघाला, तेव्हा पहिल्या जोफ्रुआने, म्हणजे मार्शलच्या पुतण्याने, त्याला व्हेनिसमध्ये रेंगाळायला लावले, मोरियात उतरल्यावरही गावोगाव हुलकावणी दिली आणि मुदत संपल्यावरच भेट दिली. राज्य असे विलार्दुएँ घराण्याकडे आले. रोबेरच्या या गोष्टीत दंतकथेचा भाग मोठा आहे. पण बापाने मुदतीच्या कायद्यावर राज्य मिळवले आणि मुलाने त्याच कायद्यावर एका बाईची जहागीर घेतली, हे एकाच ग्रंथात वाचायला मिळते आणि बखरकार दोन्हीकडे कायद्याचीच बाजू घेतो. फ्रँक समाज स्वतःकडे कसा पाहत होता, याचा यापेक्षा स्पष्ट पुरावा मला माहीत नाही.

ग्रीक की फ्रेंच

या बखरीची चार रूपे आहेत, आणि गोंधळ इथेच होतो. ग्रीक रूप पंधरा अक्षरांच्या ओळींत, नऊ हजारांहून अधिक ओळींचे, बोलीच्या जवळचे. त्याची जुनी प्रत कोपनहेगनला आहे. पॅरिसची प्रत नंतरची. फ्रेंच रूप गद्यात असून त्याचे एकच हस्तलिखित आहे, ते ब्रुसेल्सला. मूळ रचना ग्रीकची की फ्रेंचची, यावर अभ्यासकांचे अजून एकमत नाही, आणि वाचक म्हणून त्यात अडकायची गरज नाही.

ग्रीक रूपाचा कवी श्रोत्यांना हाका मारतो. अक्षर येत असेल तर वाच, येत नसेल तर माझ्याजवळ बस आणि ऐक. फ्रँक आणि रोमी (ग्रीक स्वतःला रोमी म्हणत) अशा दोघांनाही तो साद घालतो. आणि मग त्याच ग्रीक भाषेत ग्रीकांवर तुटून पडतो: यांच्या शपथेवर कोण विश्वास ठेवेल, हे तुमचे सोयरे होतात ते तुमचा घात करायला. पॅरिसच्या प्रतीत या शिव्या सौम्य झाल्या आहेत, म्हणजे पुढच्या श्रोत्यांना त्या टोचत असणार. ग्रीक बोलणाऱ्या, पण फ्रँकांशी निष्ठा असलेल्या माणसाचा हा आवाज आहे. कलामाटात जन्मलेला प्रिन्स गियोम शत्रूच्या सेनापतीला ग्रीकमध्ये उत्तर देतो तेही यातच. हा मिश्र समाज इतका जवळून दुसरीकडे भेटत नाही, म्हणून मी ग्रीक रूपाच्या बाजूचा.

फ्रेंच रूप आटोपशीर आहे आणि काही ठिकाणी अधिक भरवशाचे. ग्रीक रूप १२९२ च्या सुमारास तुटते, फ्रेंच १३०५ च्या आसपास पोचते. त्या जादा वर्षांत फोतिस नावाच्या ग्रीकाची हकीकत येते. कॉरिंथच्या फ्रँक किल्लेदाराने त्याला पकडून खंडणी मागितली आणि त्याचे दोन दात उपटवले. सुटल्यावर फोतिस सूड घ्यायला निघाला आणि किल्लेदार समजून दुसऱ्याच सोनेरी केसांच्या सरदाराला त्याने मारले. फ्रँक राज्य गावातल्या ग्रीकाला कसे लागत होते, हे या प्रसंगात कळते. केवळ यासाठीही फ्रेंच रूपाचा शेवटचा भाग चाळावा.

इटालियन रूप ग्रीकचाच उशिराचा संक्षेप. सोडून दिले तरी चालेल. अरागोनी रूप १३९३ मध्ये धर्मयोद्ध्यांच्या हॉस्पिटलर पंथाचा प्रमुख हुआन फर्नांदेस दे एरेदिया याच्यासाठी तयार झाले आणि ते १३७७ पर्यंत येते. चौदावे शतक हवे असेल तर तेच.

समोरची बाजू

फक्त फ्रँकांचे वाचून थांबू नये. निकितास खोनियातिस कॉन्स्टँटिनोपलच्या दरबारातला बडा अधिकारी होता. शहर पडल्यावर त्याच्या ओळखीच्या एका व्हेनिसकर व्यापाऱ्याने शिपायाचा वेश करून, ही माझीच लूट आहे असे भासवत, त्याच्या कुटुंबाला वाचवले. पाच दिवसांनी ते शहराबाहेर पडले तेव्हा निकितासची बायको गरोदर होती. वाटेत एका सैनिकाने एका मुलीला ओढून नेले आणि निकितासने इतरांना गोळा करून तिला सोडवून आणले. नाण्यांसाठी वितळवलेल्या कांस्यमूर्तींचे त्याने केलेले वर्णन मन पिळवटून टाकते. त्याची शैली मात्र अलंकारांनी जड आहे, भाषांतरातही ते जाणवते. पहिला ग्रंथ म्हणून तो घेऊ नये, पण विलार्दुएँ वाचून झाल्यावर त्याला टाळणे मला तरी योग्य वाटत नाही.

बायझँटाइन इतिहासकार जॉर्ज अक्रोपोलितिस पेलागोनियासाठी हवा. बखरीत ती लढाई दगाबाजीची आणि शौर्याची आहे: वायव्य ग्रीसमधल्या एपिरसचा साथीदार रात्रीतून निघून जातो आणि प्रिन्स थोड्या माणसांनिशी लढतो. अक्रोपोलितिस लिहितो, की प्रिन्स कास्तोरियाजवळ पेंढ्यात लपलेला सापडला आणि पुढे आलेल्या दातांवरून ओळखला गेला. तोही निःपक्ष नाही. तो निकेयाच्या (कॉन्स्टँटिनोपल पडल्यावर तिथे गेलेल्या बायझँटाइन दरबाराच्या) सम्राटाचा अधिकारी होता, लढाईच्या आधी एपिरसच्या कैदेत होता आणि तिच्यानंतरच सुटला. तरी ही दोन वर्णने एका बैठकीत वाचा.

व्हेनिसकर मारिनो सानुदोकडून दुसऱ्या जोफ्रुआच्या (गियोमच्या थोरल्या भावाच्या) दरबारातले, टाचांना सोनेरी आरा लावणारे ऐंशी सरदार कळतात. कॅटलान रामोन मुंतानेर सांगतो, की मोरियातले सरदार पॅरिसइतकी सुंदर फ्रेंच बोलत. दोन्ही तोंडी लावण्यापुरते.

तेव्हा निवड अशी. धर्मयुद्ध हा तुमचा विषय असेल तर विलार्दुएँ, मग खोनियातिस, वेळ उरला तर क्लारी. परक्या मुलखात राज्य कसे रुजते हा विषय असेल तर ग्रीक बखर, तिच्याबरोबर अक्रोपोलितिसची पेलागोनियाची पाने आणि फ्रेंच रूपाचा शेवट. ग्रीसला जायचा बेत असेल तरीही बखरच. दुसऱ्या जोफ्रुआने चर्चचे उत्पन्न अडवून बांधलेला ख्लेमुत्सीचा किल्ला, स्पार्टावरच्या डोंगरावर गियोमने उभारलेला मिस्त्रास, तीन वर्षे वेढा सोसलेले मोनेमवासिया, हे सगळे तिच्यात नावानिशी आहे आणि आजही चढून पाहता येते. निघण्याआधी निदान निक्लीच्या सभेचा प्रसंग वाचून ठेवा. नवरे कैदेत असल्यामुळे तिथे सरदारांच्या बायका जमल्या होत्या. हे किल्ले गेले तर मोरियाही जाईल, असे अथेन्सच्या अधिपतीने परोपरीने सांगितले. तरीही प्रिन्सच्या सुटकेसाठी मिस्त्रास आणि मोनेमवासिया द्यायचे, असेच त्या सभेत ठरले.